मधल्या दळाचा देठ

अमेरिकेतल्या मुलांना रानात नेण्याआधी एक छोटंसं यमक पाठ करायला लावतात. तीन पानं दिसली की तिच्या वाटेला जाऊ नकोस, एवढाच त्याचा अर्थ. ही ताकीद पॉयझन आयव्ही नावाच्या वनस्पतीसाठी असते. तिचा चीक अंगाला लागला की दिवसा-दोन दिवसांनी कातडी लाल होते, मग खाज सुटते, मग रेषेत ओळीने पाण्याचे फोड येतात आणि पुढचे दोन-तीन आठवडे माणसाच्या झोपेचं खोबरं होतं. ताकीद रास्तच आहे. पण नुसतं ते यमक घेऊन जून महिन्यात न्यू जर्सीतल्या एखाद्या पायवाटेवर उतरलं, तर कशालाच हात लावायची सोय राहत नाही. रानस्ट्रॉबेरीला पानं तीन, रासबेरीला बहुतेकदा तीन, घेवड्याच्या कुळातल्या रानवेलींना तीन, एका जातीच्या मेपलच्या रोपालाही तीनच. कुठेही गेलात तरी पळसाला पानं तीन, असं आपण म्हणतो. तिकडच्या रानात पळस नाही, पण तीनची काही कमतरता नाही.

मुलंबाळं परदेशी असल्यामुळे उन्हाळाभर तिकडे राहायला जाणारे आपल्याकडचे आईवडील आता पुष्कळ आहेत. घरामागच्या अंगणात, कुंपणाशी, बागेच्या कडेला ही वेल त्यांना हमखास भेटते आणि पहिल्या भेटीत ओळख काही देत नाही. ती दिसायला अगदी साधी आहे. काटे नाहीत, कुस नाही, घाण वास नाही. काही वेलींची पानं तर इतकी तजेलदार असतात की गॅलरीतल्या कुंडीत लावावीशी वाटतील. म्हणून तिचं पान कसं वाचायचं हे समजून घेण्यात मोठी मौज आहे, कारण आकडा मोजण्यापेक्षा तिथे बरंच काही लिहिलेलं आहे.

सुरुवात बेलापासून करू. पूजेला बेल वाहताना तीन दळं मिळून एक पान धरतात. एखादं दळ गळालेलं असेल तर ते पान बाजूला ठेवतात. वनस्पतिशास्त्राचं म्हणणंही हेच आहे: ही तीन पानं नव्हेत, तीन दळांचं एक पान आहे. आणि याचा पुरावा डोळ्यांना दिसतो. कुठल्याही पानाचा देठ फांदीला जिथे जोडलेला असतो तिथे, त्याच्या बगलेत, एक छोटा डोळा असतो. पुढची फांदी त्यातून फुटते. दळाच्या बगलेत असा डोळा कधीच नसतो. तेव्हा डोळा सापडेपर्यंत देठाच्या मागे मागे जायचं. जिथे सापडला तिथे पान सुरू झालं. ही युक्ती बेलाला चालते, पळसाला चालते, शेवग्याच्या शेकडो चिमुकल्या दळांच्या पसरट पानालाही चालते.

आता पॉयझन आयव्हीचं एक पान डोळ्यांसमोर आणू. लांब देठाच्या टोकाशी तीन दळं आहेत. बाजूची दोन जवळजवळ देठाला चिकटूनच बसलेली. मधलं मात्र स्वतःचा वेगळा देठ घेऊन ऐटीत पुढे आलेलं. ही सर्वांत भरवशाची खूण. मधल्या दळाची शिरेवर घडी घातली, अर्थात मनातल्या मनात, तर दोन्ही अर्धुकं एकमेकांवर बसतात. बाजूच्या दळांचं तसं नाही. त्यांची मधल्या दळाकडची बाजू अरुंद आणि सरळसोट, बाहेरची रुंद आणि फुगलेली. पुष्कळदा त्या बाहेरच्या बाजूला एक ठळक खाच असते आणि मग ते दळ अंगठा बाहेर काढलेल्या हातमोज्यासारखं दिसतं. डाव्या दळाचा अंगठा डावीकडे, उजव्याचा उजवीकडे. पळसाचं किंवा घेवड्याचं पान नीट पाहिलं तर त्यातही बाजूची दळं अशीच एका अंगाला भरलेली दिसतात. तिघांनी एका देठावर बसायचं आणि एकमेकांच्या उन्हात यायचं नाही, तर कडेच्या दोघांना बाहेरच्या अंगाला सरकावंच लागणार, असं मला वाटतं.

खुणा सांगताना एक गोष्ट मात्र मी मुद्दाम मागे ठेवली, ती म्हणजे पानाची कड. कारण या बाबतीत ही वनस्पती कुणाचंच ऐकत नाही. कड कधी सपाट, कधी मोजके मोठे दाते असलेली, कधी इतकी खोल कातरलेली की ओकचं पान वाटावं. एकाच वेलीवर तिन्ही तऱ्हा आढळू शकतात. आकारही तसाच: एखादं दळ बोटभर, तर चांगल्या पोसलेल्या वेलीवर वीतभर. वाढण्याची रीत पाहावी तर त्यातही एक सूत्र नाही. कुठे घोट्याएवढी जमिनीवर पसरलेली, कुठे कमरेएवढं झुडूप, कुठे झाडाच्या शेंड्यापर्यंत चढलेली दांडगी वेल. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने १७५३ साली हिच्या एकाऐवजी दोन जाती नोंदवल्या आणि पुढे कितीतरी काळ या नावांचा गुंता चालू राहिला. विल्यम गिलिस या वनस्पतिशास्त्रज्ञाने १९७१ साली ‘रोडोरा’ या नियतकालिकात या सगळ्या गोतावळ्याची सविस्तर फेरमांडणी केली. अशा बहुरूप्याला चित्रावरून ओळखायला जाणं म्हणूनच धोक्याचं असतं. चित्रात एकच पान असतं आणि समोर भेटते ती वेल नेमकं तेच पान घेऊन आलेली नसते. फोनमधल्या ओळख पटवणाऱ्या ॲपचीही तीच गत. फोटोत नुसतं एक दळ असेल तर त्या बिचाऱ्याने तरी काय सांगावं?

आकार बदलतो, मांडणी बदलत नाही. यातली सर्वांत सुंदर परीक्षा दळांची नाही, पानांच्या चढणीची आहे. पॉयझन आयव्हीच्या फांदीवर पानं एकाआड एक येतात: एक डावीकडे, त्याच्या थोडं वर दुसरं उजवीकडे, आणखी वर पुन्हा डावीकडे. कुठल्याही दोन पानांचे देठ एका जागी समोरासमोर येत नाहीत. मघाशी ज्या मेपलचा उल्लेख केला तो बॉक्सएल्डर इथेच पकडला जातो. त्याच्या कोवळ्या रोपाची तीन दळं भल्याभल्यांना चकवतात. मधल्या दळाला वेगळा देठ आहे, कडेला तसेच दाते आहेत, बाजूच्या दळांना अंगठेही आहेत. पण त्याची पानं जोडीने, समोरासमोर फुटतात. वाकून दोन पेरं पाहायची. देठ समोरासमोर दिसले की जीव भांड्यात.

रासबेरी आणि ब्लॅकबेरी त्याहून सोप्या, कारण त्यांना काटे असतात आणि रासबेरीचं पान उलटून पाहिलं तर खालची बाजू पांढुरकी दिसते. उलटण्यासाठी काडी वापरावी, हे सांगणे न लगे. व्हर्जिनिया क्रीपरला पाच दळं असतात आणि ती सगळी एकाच बिंदूतून पंजासारखी निघतात. पण तिचे नवे फुटवे कधीकधी तीन दळांवरच थांबतात, आणि ती अनेकदा पॉयझन आयव्हीच्याच झाडावर, तिच्याच गळ्यात गळा घालून चढलेली असते. अशा वेळी खोड पाहावं. क्रीपर टोकाशी गोल चिकट चकत्या असलेल्या तंतूंनी भिंत धरते, तर पॉयझन आयव्ही खोडातून असंख्य बारीक मुळं काढून साल पकडते. राहता राहिलं फ्रेग्रंट सुमॅक. हे झुडूप पॉयझन आयव्हीचं भाऊबंद, पण निरुपद्रवी. तीन दळं, एकाआड एक पानं, सगळं जुळतं. फरक एकच: मधल्या दळाला वेगळा देठ जवळजवळ नसतोच. त्याचं पान चुरगाळून वास घ्या म्हणजे खात्री पटेल, असा सल्ला दिला जातो. सल्ला देणाऱ्याचं नाक अजून शाबूत असावं.

तीनचा नियम उलट्या बाजूनेही फसतो. पूर्वेकडच्या दलदलींत याच वंशाचं पॉयझन सुमॅक वाढतं. त्याच्या एका पानात सात ते तेरा दळं असतात आणि अंगावर उतण्यात ते पॉयझन आयव्हीला हार जात नाही. पश्चिम किनाऱ्यावर, म्हणजे कॅलिफोर्नियातल्या मराठी मंडळींच्या टेकड्यांवर, पॉयझन आयव्हीची जागा पॉयझन ओक घेतो. त्याची दळं तीनच, पण कडा ओकच्या पानासारख्या गोलसर वळणाच्या. तो ओक नाही, आणि ही आयव्हीही आयव्ही नाही. कॅप्टन जॉन स्मिथने १६२४ साली छापलेल्या आपल्या इतिहासग्रंथात या विषारी वनस्पतीची तुलना इंग्लंडमधल्या ओळखीच्या आयव्हीशी केली आणि स्पर्शाने येणारी लाली, खाज आणि फोड यांचं वर्णनही लिहून ठेवलं. नव्या मुलखात गेलेला माणूस नवं झाड जुन्या झाडाच्या नावानेच हाक मारून बघतो. आपलेही लोक तिकडे गेल्यावर तेच करतात.

ऋतू बदलतो तसं पानही वेष बदलतं. वसंतात नवी पालवी येते ती तांबूस, तुकतुकीत, किंचित खाली मान घातलेली. फाल्गुन-चैत्रात आंब्याची पालवी पाहिलेल्या माणसाला ते दृश्य चांगलंच ओळखीचं वाटेल, आणि हा योगायोग नाही. त्याकडे वळतोच आहे. उन्हाळ्यात पान हिरवं होतं, कधी चमकदार, कधी मंद. शरद ऋतूत इतर झाडं अजून हिरवी असतानाच ही वेल लाल, केशरी, पिवळी होऊन पेटते. या लवकर रंगण्याबद्दल एडमंड स्टाइल्स या शास्त्रज्ञाने १९८२ साली एक तर्क मांडला. या वेलीची फळं वाटाण्याहून लहान, मळकट पांढरी. दुरून कुणाच्या नजरेत भरण्यासारखी मुळीच नाहीत. त्याच सुमाराला पक्ष्यांचे थवे दक्षिणेकडे निघालेले असतात. तेव्हा फळांची दवंडी पानंच पिटतात, असं त्याचं म्हणणं: लाल पान म्हणजे पक्ष्यांसाठी लावलेलं निशाण. तर्कच आहे, पण ऐकल्यापासून ऑक्टोबरमधली ती लाली नुसती शोभा वाटत नाही.

मग पानं गळतात आणि खुणा संपतात. धोका संपत नाही. हिवाळ्यात झाडाच्या बुंध्यावर तपकिरी मुळांनी केसाळ झालेला जाड सोट तेवढा दिसतो. काही जुने सोट मनगटाहूनही जाड होतात. नेमक्या याच दिवसांत हौशी लोक शेकोटीसाठी लाकूड गोळा करतात. ही वेल जाळणं हा सर्वांत वाईट प्रकार, कारण धुराबरोबर तिचा अंश घशात आणि फुप्फुसात जातो.

आता मुख्य प्रश्न. ओळखायला पानच का हवं? एकदा भाजलं की मूल विस्तवाला ओळखतं, तसा अनुभव इथे का पुरत नाही? कारण ही वनस्पती लगेच काहीच करत नाही. खाजकुइलीची कुस लागली की त्याच क्षणी कळतं. पॉयझन आयव्हीचा चीक लागतो तेव्हा ना जळजळ होते ना डंख बसतो. आणि जन्मात पहिल्यांदा लागला असेल तर पुष्कळदा दहा-पंधरा दिवस काहीही दिसत नाही. पुढच्या वेळी फोड येतात ते एक ते तीन दिवसांनी. तोवर माणूस दहा ठिकाणी फिरून आलेला असतो, आणि दोष नव्या साबणाला, हॉटेलातल्या चादरीला किंवा सुनेने केलेल्या कोळंबीला दिला जातो.

या चिकातल्या तेलकट द्रव्याचं नाव उरुशिओल. ते पानाच्या पृष्ठभागावर नसतं. पानात, खोडात आणि मुळांत राळेच्या सूक्ष्म नळ्या असतात, त्यांत ते भरलेलं असतं. अखंड, निरोगी पानाला हलकेच स्पर्श झाला तर काही व्हायचंही नाही. पण रानातलं पान अखंड असतं कुठे? किड्याने कुरतडलेलं, वाऱ्याने घासलेलं, कुणाच्या बुटाखाली आलेलं असतं. उरुशिओलच्या रेणूला एक कडं आणि एक शेपूट असते. कड्यावर शेजारीशेजारी दोन ऑक्सिजन, आणि तिथून निघालेली कार्बनची लांब शेपूट. पॉयझन आयव्हीत पंधरा कार्बनची, पॉयझन ओकमध्ये मुख्यतः सतरा. शेपूट तेलकट असल्याने रेणू कातडीत सहज मुरतो. आत गेल्यावर त्याच्या कड्याचं ऑक्सिडीकरण होतं आणि ते कातडीतल्या प्रथिनांना पक्कं चिकटतं. इथवर विशेष बिघडलेलं नसतं. बिघडतं ते पुढे. शरीराच्या पहारेकऱ्यांना आपलंच प्रथिन आता परकं दिसू लागतं. टी पेशी ती नोंद लक्षात ठेवतात आणि पुढच्या वेळी चीक लागेल त्या जागेवर तुटून पडतात. फोड येतात ते या धुमश्चक्रीने. वनस्पती स्वतः कातडी जाळत नाही. म्हणूनच ज्यांच्या टी पेशींनी कधी मनावर घेतलं नाही, त्यांना काहीच होत नाही. अमेरिकेतल्या दहा माणसांपैकी सुमारे आठ जणांना मात्र होतं, आणि मिठाच्या एका कणाहूनही कमी उरुशिओल त्यासाठी पुरतं.

हरणं ही पानं खातात. बकऱ्या इतक्या आवडीने खातात की वेल हटवायला त्यांना भाड्याने आणतात. फ्लिकरसारखे सुतारपक्षी आणि कितीतरी इतर पाखरं हिवाळ्यात तिच्या फळांवर जगतात. हे सगळं पाहिल्यावर, माणसाला दूर ठेवायला निसर्गाने हे शस्त्र घडवलं, हा आपला समज गळून पडतो. चीक बहुधा वेलीच्या स्वतःच्या जखमा सांधायला आणि बुरशीला अडवायला असावा. आपण नुसते मधल्या मध्ये सापडलो.

जखम सांधण्याचं ते काम प्रत्यक्ष बघता येतं. पॉयझन आयव्हीच्या फाटक्या पानाच्या कडेला कधीकधी काळे, लाखेसारखे चकचकीत ठिपके दिसतात. उघडा पडलेला चीक हवेत घट्ट होऊन काळा झालेला असतो. यावरून जाणकारांनी एक परीक्षा शोधली: हातमोजे घालून पान पांढऱ्या कागदाच्या घडीत धरायचं, वरून दगडाने ठेचायचं आणि थांबायचं. पाच-दहा मिनिटांत कागदावरचा डाग तपकिरी होतो, पुढे काळा. डाग हिरवाच राहिला तर ते पान बहुतेक दुसऱ्याच कुणाचं. मधल्या दळाचा देठ ओळखणाऱ्याला या खटाटोपाची गरज नाही, पण रसायनाची ही लीला एकदा पाहावी अशी आहे.

कारण हाच काळा डाग जपानात कला झाला. तिथला लाखेचा वृक्ष पॉयझन आयव्हीच्याच वंशातला, टॉक्सिकोडेंड्रॉन वंशातला. त्याच्या चिकाला उरुशी म्हणतात. उरुशिओल हे नाव तिथूनच आलं. कारागीर तो लाकडावर थरावर थर देतात आणि वस्तू उन्हात न ठेवता दमट पेटीत ठेवतात. इतर रंग कोरड्या हवेत वाळतात, हा ओलाव्यात कडक होतो. १८८३ साली योशिदा या जपानी रसायनशास्त्रज्ञाने यामागचं गुपित शोधलं: चिकातच एक विकर असतं आणि तेच हे घट्ट होणं घडवून आणतं. त्याला पुढे लॅकेज हे नाव मिळालं. उरुशिओलची रचना रिको माजिमा यांनी १९२२ पर्यंतच्या संशोधनातून उलगडली. मंदिरातली शेकडो वर्षं टिकलेली काळी झळाळी आणि न्यू जर्सीच्या कुंपणावरच्या फाटक्या पानाचा डाग, दोन्ही एकाच क्रियेची फळं आहेत.

आता आंब्याकडे वळू. टॉक्सिकोडेंड्रॉन हा वंश ज्या कुळात मोडतो त्याचं मराठी नाव आम्रकुल. आंबा, काजू, चारोळी, पिस्ता आणि बिब्बा ही सगळी त्या घरचीच. बिब्ब्याच्या तेलात उरुशिओलची अगदी सख्खी भावंडं असतात, आणि बिब्बा अंगावर उततो म्हणजे काय हे महाराष्ट्रातल्या खेड्यांना सांगावं लागत नाही. तेच तेल काळं पडून कायमचं राहतं, म्हणून परीट कपड्यांवर खुणा करायला ते वापरत. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी सैनिक भारतात आले आणि त्यांच्या मानेवर, कमरेवर चट्टे उठू लागले. डॉक्टरांनी शोध घेतला तेव्हा चट्टे नेमके कपड्यांवरच्या परटाच्या खुणांखाली निघाले. १९४३ साली वैद्यकीय नियतकालिकात ही हकीकत छापून आली. या पोरांच्या कातडीची लहानपणी पॉयझन आयव्हीशी गाठ पडलेली असणार. बिब्ब्याचं झाड त्यांनी आयुष्यात पाहिलेलंही नसेल. डोळ्यांना जे नातं दिसणं अशक्य होतं ते टी पेशींनी एका काळ्या ठिपक्यावरून ओळखलं.

आंब्यातलं रसायन थोडं वेगळं आहे. त्यात कड्यावरचे दोन ऑक्सिजन शेजारीशेजारी न बसता एक घर सोडून बसतात. तरी शेपूट तशीच, त्यामुळे शरीर अनेकदा गल्लत करतं. पॉयझन आयव्ही उतलेल्या अमेरिकी माणसाने सालीसकट आंबा चोखला तर ओठांभोवती पुरळ येऊ शकतं. गर निर्दोष असतो. दोष सालीत आणि देठाशी साठलेल्या चिकात. कोकणात आंबा थोडा देठ ठेवून उतरवतात आणि त्याचा चीक निथळू देतात, कारण तो फळाची सालसुद्धा भाजून काढतो. आंबा खाताना हनुवटीवर चीक ओघळून उठलेले डाग शाळा उघडेपर्यंत मिरवणारी मुलं तिथे दर मे महिन्यात असतात. काजूच्या टरफलातलं तेल याच जातीचं. काजू फोडणाऱ्या बाया हाताला तेल चोळून बसतात ते त्याच्यासाठी.

सह्याद्रीच्या दमट रानात आम्रकुलातलं आणखी एक झाड भेटतं. होलिगार्ना हा त्याचा वंश, लोक त्याला रानबिब्बा म्हणतात. काळा, कातडी सोलवटून काढणारा चीक आणि वर साधं, एकेरी, लांबट पान. तीन दळं नाहीत, अंगठा नाही, काहीच नाही. गर्दीत हरवून जाईल असं पान. पण त्याच्या देठावर, साधारण मध्याशी, मऊ काट्यासारखी इवलीशी दोन टोकं असतात. ती कोवळी असताना नीट दिसतात, पुढे गळून जातात. इथेही पात्याकडे पाहून उपयोग नाही. पुन्हा देठच पाहायचा.

पॉयझन आयव्ही दाट जंगलात फारशी फोफावत नाही. तिला कड लागते: रान जिथे संपतं आणि ऊन जिथे सुरू होतं ती जागा. रस्ते, कुंपणं, पायवाटा, सहलीची मैदानं, नव्या वसाहतींची परसदारं, सगळ्या कडाच. पक्षी फळ खाऊन तारेवर बसतात आणि बी खाली टाकतात, म्हणून कुंपणाच्या रेषेत ती ओळीने उगवते. म्हणजे तिच्यासाठी जागा आपण करतो आणि पेरणी पाखरं करतात. हवाही आता तिच्याच बाजूने चालली आहे. उत्तर कॅरोलिनात ड्यूक विद्यापीठाच्या जंगलात सहा वर्षं मनोऱ्यांमधून जास्तीचा कार्बन डायऑक्साइड सोडून झाडांची वाढ मोजली. २००६ साली निकाल आला: वाढीव वायूत पॉयझन आयव्हीची वार्षिक वाढ १४९ टक्क्यांनी जास्त भरली आणि तिचं उरुशिओलही अधिक तिखट प्रकारचं निघालं. वेलींना खोड जाड करण्यात शक्ती घालवावी लागत नाही. आधार परक्याचा असतो. मिळालेला कार्बन त्या पुन्हा पानांत घालतात.

इतकं पाहूनही चीक लागलाच, तर काय करायचं ते फार साधं आहे. पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत साबण लावून, फडक्याने चोळून, भरपूर पाण्याने धुवायचं. नुसतं पाणी ओतून तेल जात नाही. नखांखालीही पाहायचं. फोड आल्यावर त्यातल्या पाण्याने रोग पसरतो असं घरोघर सांगतात, ते खरं नाही. त्या पाण्यात उरुशिओल नसतं. पुरळ रोज नव्या जागी उठतं ते कातडी कुठे पातळ, कुठे जाड असल्यामुळे आणि कुठे चीक कमी, कुठे जास्त लागल्यामुळे. चेहरा सुजला, धूर छातीत गेला किंवा अंगभर उठलं तर मात्र घरगुती उपाय सोडून डॉक्टर गाठावा. कपडे, बुटांच्या नाड्या, कात्री आणि खुरपं धुवायला विसरू नये, कारण उरुशिओल कोरड्या वस्तूवर वर्षानुवर्षं तग धरतं. संग्रहालयातले जुने वाळवलेले नमुने हाताळणाऱ्यांनाही ते उतलेलं आहे. आणि घरात कुत्रा असेल तर त्यालाही हातमोजे घालूनच आंघोळ घालावी. केसांमुळे त्याला स्वतःला सहसा काही होत नाही, तो झाडीत लोळून येतो आणि आल्याआल्या मांडीवर चढतो.